लक्ष कुणी नेलं, कुणी परत दिलं? एका कल्पनेची दीडशे वर्षं

मागच्या महिन्यात पेटची तयारी करणाऱ्या एका मैत्रिणीने तिच्या सिनॉप्सिसचा कच्चा मसुदा वाचायला पाठवला. विषय छान होता : मोबाइलमुळे विचलित होणारं विद्यार्थ्यांचं लक्ष आणि निसर्गसहवासाचा त्यावर होणारा परिणाम. पहिल्याच पानावर एक वाक्य होतं. त्याचा आशय असा की, कॅप्लान यांच्या सिद्धांतानुसार मोबाइलमुळे थकलेलं लक्ष निसर्गात गेल्यावर पूर्ववत होतं.

वाक्य वाचून मी मान डोलावली आणि पुढे गेले. दोन पानांनंतर थबकले. कॅप्लान पती-पत्नींचं मुख्य पुस्तक १९८९ सालचं आहे. १९८९ मध्ये आपल्या हातात मोबाइल कुठे होता?

मी तिला हसणार नव्हते, कारण कोर्सवर्कच्या पेपरमध्ये मी स्वतः जवळजवळ हेच वाक्य लिहिलं होतं. माझ्या गाईडनी त्याभोवती लाल पेनने एक गोल काढला आणि शेजारी फक्त एक प्रश्नचिन्ह दिलं. त्या प्रश्नचिन्हाचा अर्थ समजायला मला चार महिने लागले. तुमचे चार महिने वाचावेत म्हणून हा लेख.

एका वाक्यात सांगायचं तर असं : ‘डिजिटल साधनं लक्ष विचलित करतात’ आणि ‘निसर्ग लक्ष पूर्ववत करतो’ ही दोन विधानं आज जुळ्या भावंडांसारखी एकत्र फिरतात, पण त्यांचा जन्म वेगवेगळ्या घरांत झाला. त्यांचं एकत्र येणं अगदी अलीकडचं आहे. ती जिथे जोडली गेली तो सांधा अजून कच्चा आहे, आणि संशोधनाला खरी जागा तिथेच आहे.

आधी जुन्या घरात जाऊ.

१८६५ : अडवून ठेवलेला अहवाल

फ्रेडरिक लॉ ऑल्मस्टेड हे नाव न्यूयॉर्कच्या सेंट्रल पार्कमुळे ओळखलं जातं. कॅल्व्हर्ट वॉक्स यांच्यासोबत त्यांनी केलेला त्या उद्यानाचा आराखडा १८५८ मध्ये स्पर्धेत निवडला गेला. पुढे अमेरिकेत यादवी युद्ध चालू असतानाच, १८६४ मध्ये, लिंकन यांनी योसेमिटी खोरं आणि जवळची महावृक्षांची राई कॅलिफोर्निया राज्याच्या हवाली करणाऱ्या कायद्यावर सही केली. तिथे काय करायचं हे ठरवणाऱ्या मंडळात ऑल्मस्टेड होते. १८६५ च्या ऑगस्टमध्ये त्यांनी सहकाऱ्यांसमोर एक अहवाल वाचला.

त्या अहवालात आपल्या कामाच्या दोन गोष्टी आहेत. पहिली मनाविषयीची. निसर्गदृश्य पाहताना मन रिकामं नसतं, ते कामात असतं, पण या कामाने ते थकत नाही. उलट विसावतं, असा त्यांचा मुद्दा होता. दुसरी राजकारणाची. युरोपात अशा रम्य जागा श्रीमंतांच्या खासगी बागा होऊन बसल्या आहेत. सामान्य माणसाला ही विश्रांती मिळायची असेल तर सरकारने जागा राखून ठेवल्या पाहिजेत.

हा अहवाल विधिमंडळापर्यंत पोहोचलाच नाही. मंडळातल्याच काही सहकाऱ्यांनी तो अडवला. तो छापून लोकांसमोर आला १९५२ मध्ये, म्हणजे तब्बल ८७ वर्षांनी.

इथे एक गोष्ट टिपून ठेवा. ऑल्मस्टेड यांनी काहीही मोजलं नव्हतं. हे एका जाणत्या माणसाचं निरीक्षण होतं. पण कल्पना मात्र पूर्ण होती : थकवा, विसावा आणि तो कुणाच्या वाट्याला येतो हा प्रश्न.

थकवा कशाचा? तारायंत्राचा!

त्याच काळात जॉर्ज मिलर बिअर्ड नावाचे न्यूयॉर्कचे डॉक्टर ‘न्यूरास्थेनिया’ म्हणजे मज्जातंतूंची दुर्बलता या दुखण्याबद्दल लिहीत होते. १८८१ च्या पुस्तकात त्यांनी या दुखण्याची कारणं दिली : वाफेची शक्ती, नियतकालिकं, तारायंत्र, विज्ञान आणि स्त्रियांचं बौद्धिक काम! शेवटचं कारण वाचून मी लायब्ररीत मोठ्याने हसले आणि शेजारच्या मुलाने माझ्याकडे बघितलं.

पण हसून झाल्यावर विचार करा. १८८१ मध्ये तारायंत्राला जे म्हटलं गेलं तेच आज आपण नोटिफिकेशनला म्हणतो. याचा अर्थ आजची तक्रार खोटी आहे, असा नाही. अर्थ इतकाच की, नवं यंत्र आलं की थकव्याचं खापर त्याच्यावर फोडायची सवय जुनी आहे. म्हणून यंत्राने नेमकं काय केलं हे दाखवायची जबाबदारी संशोधकावर येते.

उपचारही बघण्यासारखे होते. फिलाडेल्फियाचे डॉक्टर सायलस वेअर मिचेल थकलेल्या पुरुषांना पश्चिमेकडे मोकळ्या रानात, घोड्यावर, शिकारीला पाठवत. स्त्रियांना मात्र खोलीत, अंथरुणात, पूर्ण विश्रांती. लिहायचं नाही, वाचायचं नाही. लेखिका शार्लट पर्किन्स गिलमन यांनी हा उपचार १८८७ मध्ये भोगला आणि त्यातून १८९२ मध्ये ‘द यलो वॉलपेपर’ ही कथा आली. थोडक्यात, निसर्ग हे औषध म्हणून लिहून दिलं जात होतं, पण चिठ्ठी कुणाच्या नावाची हे आधीच ठरलेलं होतं. ऑल्मस्टेड यांचा दुसरा मुद्दा इथे वेगळ्या रूपात परत येतो.

१८९० : जेम्स यांची विभागणी

विल्यम जेम्स यांचा मानसशास्त्रावरचा दोन खंडांचा ग्रंथ १८९० चा. त्यातल्या अवधानाच्या प्रकरणात एक विभागणी आहे. एक लक्ष आपण मुद्दाम लावतो. कंटाळवाणा उतारा वाचताना, आकडेमोड करताना. त्याला जोर लागतो, आणि ते सलग काही सेकंदांहून जास्त टिकत नाही. आपण त्याला पुन:पुन्हा ओढून जागेवर आणतो. दुसरं लक्ष आपोआप जातं. हलणाऱ्या, चमकणाऱ्या गोष्टींकडे, जंगली जनावरांकडे, रक्ताकडे. तिथे जोर लागत नाही, उलट ते रोखायला जोर लागतो.

लेख वाचताना शेजारी मोबाइल उजळला की काय होतं, ते जेम्स यांच्या भाषेत सांगता येतं : चमकणारी, हलणारी वस्तू मुद्दाम लावलेल्या लक्षावर मात करते. जेम्स यांनी मोबाइल पाहिला नव्हता, पण ज्या खिडकीतून मोबाइल आत शिरतो ती त्यांनी दाखवून ठेवली होती.

मात्र निसर्गाने हे लक्ष पूर्ववत होतं, असा सिद्धांत जेम्स यांनी मांडलेला नाही. हे लक्षात ठेवा. ऑल्मस्टेड यांच्याकडे निसर्ग होता, जेम्स यांच्याकडे लक्षाचे प्रकार होते. दोघांना एकत्र आणणारं अजून कुणी नव्हतं.

मधल्या काळात लक्षाचा थकवा मोजायला लावला तो युद्धाने. दुसऱ्या महायुद्धात रडारसमोर तासन्‌तास बसणाऱ्या माणसांच्या नजरेतून पडद्यावरच्या खुणा निसटत होत्या. केंब्रिजमध्ये नॉर्मन मॅकवर्थ यांनी त्यासाठी एक घड्याळ बनवलं. त्याचा काटा टप्प्याटप्प्याने सरकायचा आणि अधूनमधून दुप्पट उडी मारायचा. ती उडी ओळखायची, दोन तास. पहिल्या अर्ध्या तासानंतरच चुका वाढल्या. १९४८ मध्ये हे प्रसिद्ध झालं. लक्ष ढळणं हा नुसता आळस किंवा स्वभावदोष नाही, ते मोजता येतं, हे यातून पुढे आलं. रात्री दोन वाजता ‘माझ्यात इच्छाशक्तीच नाही’ म्हणून स्वतःला कोसणाऱ्या प्रत्येकाने हा प्रयोग वाचावा असं मला वाटतं.

रानात गेलेली माणसं आणि एक सिद्धांत

१९७० च्या दशकात मिशिगन विद्यापीठातले रेचल आणि स्टीफन कॅप्लान एका वेगळ्याच कामात होते. अमेरिकेच्या वनखात्याच्या पाठबळाने काही लोकांना उत्तर मिशिगनच्या रानात साधारण दोन आठवडे नेलं जायचं. ही माणसं रोज डायरी लिहायची, प्रश्नावल्या भरायची. रानातून परतल्यावर नेहमीचंच आयुष्य त्यांना खुपायला लागायचं, आणि डायऱ्यांमध्ये शांतपणाबद्दल, डोकं स्वच्छ झाल्याबद्दल पुन्हा पुन्हा लिहिलेलं सापडायचं.

हे का होतं, याचं उत्तर शोधताना त्यांनी जेम्स यांची विभागणी उचलली. मुद्दाम लावलेलं लक्ष वापरून थकतं. त्याला विश्रांती हवी असेल तर काही काळ त्याच्याशिवाय काम चाललं पाहिजे. निसर्गात आपोआप जाणारं लक्ष पुढे येतं आणि थकलेलं मागे बसून विसावतं. १९८९ चं पुस्तक आणि स्टीफन कॅप्लान यांचा १९९५ चा लेख यांत हा ‘अवधान पुनःस्थापन सिद्धांत’ नीट मांडला आहे. विसावा देणाऱ्या जागेचे त्यांनी चार गुण सांगितले : रोजच्यापासून दूर असणं, हळुवार ओढ, आपलं असं वेगळं जग वाटेल इतका विस्तार, आणि आपल्याला जे करायचंय त्याच्याशी जागेचा मेळ.

यातला ‘हळुवार ओढ’ हा शब्द महत्त्वाचा. क्रिकेटच्या शेवटच्या ओव्हरमध्येही लक्ष आपोआप खेचलं जातं, जोर लागत नाही. पण डोक्यात दुसऱ्या कशाला जागा उरत नाही. ढग, हलणारी पानं, वाहतं पाणी यांची ओढ सौम्य असते. बघता बघता मनात साचलेलं वर येतं, निवळतं.

आता माझ्या मैत्रिणीच्या विषयातली खरी गाठ इथे आहे. रील बघताना कुठे जोर लागतो? लक्ष आपोआपच जातं. मग सिद्धांताच्या साध्या वाचनाप्रमाणे रील बघूनही थकलेलं लक्ष विसावायला हवं! आपला अनुभव तर उलटा आहे. ‘रीलची ओढ हळुवार नसते, क्रिकेटच्या ओव्हरसारखी असते’ असं उत्तर देता येतं, आणि ते पटण्यासारखंही आहे. पण ते आपण दिलेलं उत्तर आहे, १९८९ च्या पुस्तकातलं नाही. ते गृहीतक म्हणून मांडायला हवं आणि तपासायला हवं. गाईडच्या लाल गोलाचा अर्थ हा होता.

आणखी एक गंमत. स्टीफन कॅप्लान मानसशास्त्राबरोबर संगणकशास्त्राचेही प्राध्यापक होते. म्हणजे सिद्धांत मांडणाऱ्याला संगणक परका नव्हता. तरीही त्यांनी सांगितलेला थकवा संगणकाचा नाही, तर डोकं लावून केलेल्या कुठल्याही कामाचा होता.

खिडकी : सगळ्यात जास्त चुकीचा दिला जाणारा दाखला

‘निसर्ग आणि एकाग्रता’ या विषयावरच्या निम्म्याअधिक सिनॉप्सिसमध्ये मला रॉजर उलरिच यांचा १९८४ चा ‘सायन्स’मधला लेख दिसतो. अभ्यास देखणा आहे. पेनसिल्व्हेनियातलं एक हॉस्पिटल, १९७२ ते १९८१ च्या नोंदी, पित्ताशयाची शस्त्रक्रिया झालेले ४६ रुग्ण. वय, लिंग वगैरे जुळवून २३ जोड्या केल्या. जोडीतल्या एकाच्या खिडकीतून झाडं दिसायची, दुसऱ्याच्या खिडकीतून विटांची भिंत. झाडांवर पानं असतात तेवढ्याच महिन्यांच्या नोंदी घेतल्या. झाडं दिसणारे सरासरी ७.९६ दिवसांत घरी गेले, भिंत दिसणारे ८.७० दिवसांत. तीव्र वेदनाशामकंही झाडंवाल्यांना कमी लागली.

पण यात लक्ष कुठे मोजलंय? कुठेच नाही. उलरिच यांचा विषय ताण आणि त्यातून सावरणं हा होता. कॅप्लान यांचा विषय अवधानाचा थकवा. दोन्ही सिद्धांत शेजारी आहेत, पण एक नाहीत. निसर्ग चांगला, एवढ्यावर दोघांचं एकमत आहे म्हणून एकाचा पुरावा दुसऱ्याच्या खात्यावर जमा करता येत नाही. व्हायवामध्ये इथेच दांडी उडते.

अवधानाचा पुरावा हवा असेल तर २००८ कडे या. मार्क बर्मन, जॉन जोनाइड्स आणि स्टीफन कॅप्लान यांनी ३८ जणांना आकडे ऐकवून उलट्या क्रमाने म्हणायला लावले. ३-८-१-६ ऐकलं की ६-१-८-३ म्हणायचं. मग डोकं आणखी थकवणारं काम दिलं, आणि जवळपास तासभर चालायला पाठवलं : एकदा झाडांच्या उद्यानात, एकदा शहराच्या गजबजलेल्या रस्त्याने. दोन्ही फेऱ्या त्याच माणसाच्या, मध्ये आठवड्याचं अंतर. परतल्यावर पुन्हा उलटे आकडे. उद्यानातून आल्यावर आकडे सुधारले. रस्त्यावरून आल्यावर तशी सुधारणा दिसली नाही. कडाक्याच्या थंडीत फेरी फारशी आवडली नसली तरी फायदा झाला होता. म्हणजे ‘मजा आली म्हणून आकडे सुधारले’ एवढंच स्पष्टीकरण पुरत नाही. १८६५ च्या निरीक्षणाला १४३ वर्षांनी मिळालेली ही परीक्षा होती.

दुसरं घर : पडद्याचा इतिहास

आता दुसऱ्या घरात. इथे झाडं नाहीत, ऑफिसं आहेत.

१९७१ मध्ये हर्बर्ट सायमन यांनी संस्थांच्या रचनेबद्दल लिहिताना एक साधा हिशेब मांडला : माहिती माणसाचं लक्ष खाते. माहितीचा सुकाळ झाला की लक्षाचा दुष्काळ पडणार. त्यांची काळजी होती संस्थेतल्या निर्णयांची, मनाच्या शांततेची नव्हे.

कॅलिफोर्निया विद्यापीठाच्या अर्व्हाइन शाखेतल्या ग्लोरिया मार्क यांनी २००४ मध्ये स्टॉपवॉच घेऊन ऑफिसातल्या लोकांच्या मागे बसून बघितलं. एका पडद्यावर लक्ष सरासरी अडीच मिनिटं टिकत होतं. पुढे संगणकानेच नोंदी घेतल्या. अलीकडच्या वर्षांत ही सरासरी ४७ सेकंदांवर आली. हा आकडा व्हॉट्सॲपवर फार फिरतो, ‘माणसाची एकाग्रता ४७ सेकंद उरली’ असा. तो तसा नाही. तो एका पडद्यावरून दुसऱ्यावर जाण्याचा वेळ आहे. क्षमता घटली की सवय बदलली, हे त्या आकड्यावरून कळत नाही.

२०१५ मध्ये कॅरी स्टोथार्ट आणि सहकाऱ्यांनी दाखवलं की, फोनला हात न लावता नुसतं नोटिफिकेशन आलं तरी लक्ष लागणाऱ्या कामात चुका वाढतात. २०१७ मध्ये एड्रियन वॉर्ड आणि सहकाऱ्यांनी फोन टेबलावर, खिशात किंवा बॅगेत, आणि दुसऱ्या खोलीत असे तीन गट केले. दुसऱ्या खोलीत ठेवणाऱ्यांची कामगिरी सरस ठरली. हा अभ्यास खूप गाजला, पण नंतर इतरांनी तो करून पाहिला तेव्हा निकाल प्रत्येक वेळी तसाच आला नाही. म्हणून तो ‘सिद्ध झालंय’ म्हणून लिहू नका, ‘असं आढळलं, पण पुनरावृत्तीचे निकाल संमिश्र आहेत’ असं लिहा.

या घरातल्या मंडळींचा प्रश्न होता : काम का अडतं? झाडांचा प्रश्न त्यांनी विचारलाच नव्हता.

सांधा

दोन्ही घरांच्या मधली भिंत पडली त्याचं एक ठळक उदाहरण २०१२ चं. रुथ ॲन ॲचली, डेव्हिड स्ट्रेयर आणि पॉल ॲचली यांनी चार ते सहा दिवसांच्या पदभ्रमणाला गेलेल्या ५६ जणांना सर्जनशीलतेची शब्दकोडी दिली. काहींनी ती निघण्यापूर्वी सोडवली, काहींनी रानातल्या चौथ्या दिवशी. चौथ्या दिवसाच्या गटाचे गुण जवळपास ५० टक्क्यांनी जास्त आले. वाटेत कुणाकडेही इलेक्ट्रॉनिक साधन नव्हतं.

बातम्यांमध्ये हे ‘निसर्गाने सर्जनशीलता ५० टक्के वाढते’ असं आलं. पण तुम्ही संशोधक होऊ घातला आहात, म्हणून विचारा : वाढ कशामुळे झाली? झाडांमुळे? फोन नसल्यामुळे? चार दिवस चालल्यामुळे? सुट्टीमुळे? सोबतीमुळे? शिवाय आधीचा गट आणि नंतरचा गट यांतली माणसं वेगळी होती. निसर्ग आणि साधनांचा अभाव या दोहोंचा वाटा वेगळा काढता येत नाही, हे लेखकांनी स्वतःच मान्य केलं आहे.

वेगळा कसा काढायचा? दोन चल, चार गट. बिन जियांग, रोझ श्मिलन आणि विल्यम सुलिव्हन यांच्या २०१९ च्या अभ्यासाची रचना अशी आहे : हिरवी जागा किंवा झाडं नसलेली जागा, आणि सुट्टीत साधन वापरायचं किंवा नाही. लक्षात खरी सुधारणा झाली ती एकाच गटात : हिरवी जागा आणि हातात साधन नाही. झाडाखाली बसून पडद्यात डोकं घातलं तर झाडाचा फायदा फारसा मिळत नाही. हा शोध मोठा वाटणार नाही, पण रचना बघा. आधीचा संपूर्ण गोंधळ चार चौकोनांत सुटतो. माझ्या मते या विषयात सिनॉप्सिस लिहिणाऱ्याने पहिल्यांदा हे चार चौकोन वहीत काढावेत.

एकूण पुराव्याचं वजन किती? २०१६ मध्ये हीदर ओली आणि सहकाऱ्यांनी ३१ अभ्यासांचा पद्धतशीर आढावा घेतला. अवधानाच्या अनेक चाचण्यांपैकी तीनच चाचण्यांत निसर्गाच्या बाजूने आधार मिळाला, बाकीच्यांत नाही. म्हणजे सिद्धांत पडलेला नाही, पण ‘निसर्गाने एकाग्रता वाढते’ असं सरसकट म्हणण्याइतका उभाही नाही. कुठलं लक्ष, कुठला निसर्ग, किती वेळ, हे विचारावं लागतं.

आपली टेकडी त्या तक्त्यात कुठे बसते?

आता शेवटचा भाग, आणि मला सगळ्यात जवळचा.

मी पुण्यात राहते. थिसिस अडला की वेताळ टेकडीवर जाते. पण मी वाचलेल्या प्रयोगांतला निसर्ग बहुतेक वेळा हिरवा, थंड आणि सुरक्षित आहे. एप्रिलमधली आपली टेकडी पिवळी, तापलेली, गवत वाळलेलं. तिथे ती हळुवार ओढ लागते का? मला लागते, पण मी एकटी म्हणजे पुरावा नव्हे. बोरिवलीच्या राष्ट्रीय उद्यानाच्या कडेला राहणाऱ्या माणसाला झाडी म्हणजे बिबट्याची शक्यता. जेम्स यांच्या यादीत जंगली जनावरं होतीच. ती ओढ हळुवार नक्कीच नाही! संध्याकाळी एकट्या मुलीने टेकडीवर जायचं की नाही, हा प्रश्न मिचेल यांच्या बंद खोलीची आठवण करून देतो.

आणि गावाकडे? दिवाळीत मामाला हा सगळा सिद्धांत उत्साहाने सांगितला. तो शांतपणे ऐकून म्हणाला, “बाळा, मी शेतात गेलो की मला पानं नाही दिसत, तण दिसतं.” कॅप्लान यांचा चौथा गुण, म्हणजे जागेचा आणि आपल्या हेतूचा मेळ, मला त्या दिवशी पहिल्यांदा नीट समजला. ज्याच्यासाठी रान ही कामाची जागा आहे, त्याच्यासाठी ती ‘रोजच्यापासून दूर’ कशी असेल?

हे प्रश्न परक्या संशोधनाला नावं ठेवण्यासाठी नाहीत. मिशिगनमध्ये तपासलेली गोष्ट मराठवाड्यात तपासायची असेल तर काय बदलेल, हे लिहून काढणं म्हणजेच संशोधनातली पोकळी दाखवणं. ‘भारतात या विषयावर अभ्यास झालेला नाही’ एवढंच लिहिलं तर ती पोकळी नाही, नुसती रिकामी जागा आहे. सिद्धांताची कुठली अट आपल्याकडे वेगळी पडते हे सांगितलं तर ती पोकळी.

मैत्रिणीच्या वाक्याचं काय झालं

आम्ही दोघी एका रविवारी टेकडीवर बसलो, फोन खाली गाडीच्या डिकीत ठेवून. (हो, मुद्दाम.) तिच्या वाक्याचे तुकडे केले. पहिला तुकडा : मुद्दाम लावलेलं लक्ष थकतं आणि निसर्गात विसावतं, हे कॅप्लान यांचं. दुसरा : नोटिफिकेशनने लक्ष लागणाऱ्या कामात चुका वाढतात, हे दुसऱ्या परंपरेतलं. तिसरा : मोबाइलने होणारं विचलन आणि कॅप्लान यांना अभिप्रेत थकवा ही एकच गोष्ट आहे, हे कुणाचंच नाही. हे तिचं गृहीतक. ते चुकीचं निघू शकतं.

“मग हेच तपासायचं का?” तिने विचारलं.

हेच. तोपर्यंत ज्या वाक्यावर विषय नाकारला जाण्याची शक्यता होती, तेच आता तिचा संशोधन प्रश्न झालं होतं. सिनॉप्सिस अजून मंजूर व्हायचा आहे, त्यामुळे इथे शेवट गोड करत नाही.

तुम्हीही आज एक करून बघा. तुमच्या मसुद्यातलं ज्यावर तुम्ही सहज मान डोलावता असं एक वाक्य घ्या. त्यातल्या प्रत्येक भागापुढे साल लिहा. सालं जुळली नाहीत तर घाबरू नका. तिथे थांबा, तुमचा प्रश्न बहुधा तिथेच आहे.